टर्कीतला नर कुठला, मादी कुठली? आधी वय विचारा

गोव्यात टर्की पाळायचं गणित बहुतेक घरांत नाताळाशी बांधलेलं असतं. पावसाळ्यात कुठूनतरी पिल्लं आणायची, परसात गावठी कोंबड्यांबरोबर सोडायची, डिसेंबरपर्यंत ती अंगाने भरतात. बार्देस, सासष्टीत हे आधीपासून चालत आलंय, पण हल्ली डिचोली, पेडणे, फोंड्याकडेही हौसेने टर्की ठेवणारी माणसं भेटतात, कुणी विकायला ठेवतं तर कुणी नुसतं बघायला आवडतं म्हणून. आणि दोनेक महिने झाले की सगळ्यांचा एकच प्रश्न येतो, यातला नर कुठला आणि मादी कुठली. कोंबडीचं सोपं असतं, तुरा लाल झाला, आरवायला लागला, विषय संपला. टर्कीत तसं होत नाही. लोकांनी ऐकलेल्या खुणा खोट्या नसतात हो, पण प्रत्येक खुणेचं एक वय असतं, आणि वर्षाच्या पक्ष्याची खूण दोन महिन्यांच्या पिल्लावर शोधत बसलं की गोंधळ होणारच. म्हणून मला कुणी विचारलं तर मी आधी वय विचारते, बाकी सगळं नंतर.

पूर्ण वाढलेल्या पक्ष्यापासून सुरुवात करूया, कारण तिथे सगळं नीट दिसतं आणि एकदा तिथे नजर बसली की लहान पिल्लांत काय शोधायचं तेही कळतं.

डोकं बघा. टर्कीच्या चोचीच्या वर, कपाळाच्या खाली, एक मांसाचा लोंबता तुकडा असतो, त्याला स्नूड म्हणतात, आपण सोंड म्हणूया. गळ्याखाली कातडीची झालर असते आणि मानेच्या खालच्या भागात गोल गोल गाठी असतात. आता हे सगळं नरालाही असतं आणि मादीलाही असतं, इथेच पहिली फसगत होते. सोंड आहे म्हणजे नर असं नाही. नराची सोंड लांब होते, चोचीवरून एका बाजूला घरंगळून खाली लोंबते, मादीची मात्र चोचीच्या मुळाशी छोट्याशा कोंबासारखी राहते. नराच्या मानेवरच्या गाठी मोठ्या, फुगलेल्या, लालभडक, मादीच्या बारीक आणि फिकट.

पण माझ्या मते सगळ्यात भरवशाची जागा म्हणजे मानेची मागची बाजू. मादीच्या मानेवरून बारीक बारीक पिसांची एक ओळ डोक्याच्या मागपर्यंत चढत जाते, लव असते तशी, विरळ पण असते. नराचं डोकं आणि मान वरपर्यंत उघडी, फार तर चार केस. पक्षी तुमच्याकडे पाठ करून उभा असला तरी हे दिसतं, आणि याचा पक्ष्याच्या मूडशी काही संबंध नाही, हे महत्त्वाचं. कारण सोंडेचा मूडशी संबंध असतो, आणि तो फार मोठा असतो.

हे एकदा जवळून बघण्यासारखं आहे. नर मादीसमोर पिसारा फुलवून उभा असतो तेव्हा सोंड चोचीच्या टोकाच्याही खाली येते, लाल, भरलेली. त्याच्यासमोर दाण्याचं घमेलं ठेवा. मान खाली घातली की सोंड मध्ये येते, तो डोकं झटकून ती बाजूला टाकतो, दोन दाणे उचलतो, परत झटकतो, आणि मग खाण्यात लक्ष लागलं की सोंड हळूहळू आखडायला लागते, लाल रंग उतरतो, आणि थोड्या वेळात कपाळावर दोन बोटं उंचीचं एक शिंगासारखं टोक तेवढं उरतं. तोच पक्षी, तीच जागा. सोंडेत रक्त भरतं तेव्हा ती लांबते, आतले स्नायू आवळले की आखूड होते.

आता हाच नर म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात पाय बांधून टोपलीत ठेवलेला असला तर काय होईल? घाबरलेला असतो. सोंड आखडलेली, डोकं फिकट निळसर, अंग चोरून बसलेला. बघणारा म्हणतो, सोंड तर छोटी आहे, मादीच असणार. विकणाऱ्या बाईला तरी दोष कसा द्यायचा, तिला कदाचित माहीत असतं, कदाचित नसतंही. तेव्हा बाजारात सोंड बघूच नका, मान बघा, पाय बघा, छातीची पिसं बघा, ते येतं पुढे.

आणि एक गोष्ट, काही मोठ्या हॅचरीत पिल्लू एका दिवसाचं असतानाच सोंड कापून टाकतात, पुढे मारामारीत जखमा नकोत म्हणून. अशा पक्ष्याला मोठेपणी सोंडच नसते, त्यावरून काही ठरवता येत नाही.

सोंडेचं हे सगळं नाटक चारशे वर्षांपूर्वी कुणीतरी इतकं बारकाईने लिहून ठेवलंय, आणि ते थेट आपल्या गोव्याशी जोडलेलं आहे, त्यामुळे सांगितल्याशिवाय राहवत नाही. टर्की मूळची उत्तर अमेरिकेतली, मेक्सिकोत माणसाळवलेली, सोळाव्या शतकात स्पॅनिश लोकांनी ती युरोपात नेली, आणि पोर्तुगीज जहाजांतून ती गोव्यात आली. बादशाह जहांगीरने आपला सरदार मुकर्रब खान याला गोव्यात जे काही दुर्मीळ मिळेल ते विकत घ्यायला पाठवलं होतं, १६१२ मध्ये तो जे प्राणी-पक्षी घेऊन आला त्यात एक टर्की होता. दरबारात कुणालाच त्याचं नाव माहीत नव्हतं. जहांगीरने आपल्या आठवणींत लिहिलंय ते असं, की हा पक्षी लांडोरीपेक्षा मोठा आणि मोरापेक्षा लहान, माजावर आला की मोरासारखा पिसारा उभारून नाचतो, डोकं आणि मान क्षणाक्षणाला रंग बदलतात, कधी पोवळ्यासारखी लाल, कधी कापसासारखी पांढरी, कधी फिरोजी, आणि डोक्यावरचा मांसाचा तुकडा कधी हत्तीच्या सोंडेसारखा वीतभर लोंबतो तर कधी वर घेतला की गेंड्याच्या शिंगासारखा दोन बोटं दिसतो. चित्रकार मन्सूरने त्याचं चित्रही काढलं, ते आज लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट म्युझियममध्ये आहे. आता तुम्हीच सांगा, गोव्याहून गेलेला तो पक्षी नर होता की मादी? बादशहाने एकदाही लिंग शोधायचा प्रयत्न केलेला नाही, पण वीतभर सोंड, रंग बदलणं आणि पिसारा या तीन गोष्टी एकत्र लिहून त्याने आपल्याला उत्तर देऊन ठेवलंय. नरच.

रंग बदलतो कसा तेही सांगते. नराच्या डोक्याच्या कातडीत कोलॅजेनच्या बारीक धाग्यांच्या जुड्या असतात आणि त्यांच्यामधून रक्तवाहिन्या पसरलेल्या असतात. पक्षी उत्तेजित झाला की वाहिन्या फुगतात किंवा आकसतात, त्यामुळे धाग्यांमधलं अंतर बदलतं, आणि अंतर बदललं की त्यावरून परत येणाऱ्या प्रकाशाचा रंग बदलतो. निळा, पांढरा हे रंग कातडीत रंगद्रव्य म्हणून भरलेले नसतात, रचनेतून तयार होतात. २०१४ मध्ये कॅलिफोर्नियाच्या बर्कली विद्यापीठातल्या संशोधकांनी याच कल्पनेवर हवेतली रसायनं ओळखून रंग बदलणारा सेन्सर बनवला. टर्कीच्या डोक्यावरून सुचलेला सेन्सर, मला तरी हे फार आवडतं.

आणि मादीला या सोंडेचं काय? तर तिला लांब सोंडेचा नर आवडतो. १९९० च्या दशकात रिचर्ड बुकहोल्झ या अमेरिकन संशोधकाने जंगली टर्कींवर काम केलं, त्यात दिसलं की माद्या लांब सोंडेच्या नरांना पसंत करतात, आणि त्या नरांच्या पोटात कॉक्सिडिया हे परजीवी कमी सापडले. कॉक्सिडिया म्हणजे तेच, ज्यामुळे पावसाळ्यात ओल्या खुराड्यात पिल्लांना रक्ती हगवण लागते आणि रातोरात पिल्लं जातात. म्हणजे मादी नुसती सोंड बघत नाही, एका अर्थी तब्येत बघते.

पिसारा आणि आवाजाकडे वळूया. नर शेपटी पंख्यासारखी उभी करतो, छाती पुढे, अंगावरची पिसं फुगवून दुप्पट दिसतो, पंख खाली सोडून जमिनीवर घासत चालतो. यामुळे मोठ्या नराच्या पंखांची टोकं घासून झिजलेली असतात, विकत घेताना पंख उलगडून बघा, टोकं सरळ कापल्यासारखी दिसली तर तो मिरवणारा नर आहे. पण नुसता पिसारा बघून ठरवू नका. मादीही अधूनमधून पिसारा उभारते, खास करून दुसऱ्या मादीला धाक दाखवायचा असला की, आणि छोटी छोटी पिल्लं तर काही दिवसांची असतानाच शेपटी उभी करून मिरवतात, त्यात नर-मादी दोन्ही असतात. तीन आठवड्यांचं पिल्लू नाचलं म्हणून नर धरून बसलात तर पुढे ते अंडी घालायला लागेल. वारंवार, तासन् तास, कुणी आलं-गेलं तरी मिरवणारा असला तर नर, आणि तेही काही महिन्यांचा झाल्यावर.

आवाजाची खूण मला पिसाऱ्यापेक्षा जास्त पटते. ती गडगडून खाली घरंगळत जाणारी हाक फक्त नराची. मादी टुक टुक करते, क्याव क्याव अशी सुरात हाक मारते, पिल्लांशी हळू घुरघुरते, पण ती गडगड तिच्याकडून ऐकू येत नाही, आलीच तर अगदी विरळा. आणि नराची एक सवय आहे, अचानक मोठा आवाज झाला की तो उत्तर देतो. ढग गडगडले, फटाका वाजला, गाडीचा हॉर्न वाजला, की सगळे नर एकदम ओरडतात. आमच्याकडे पहाटे पोदेर सायकलवरून पोंय पोंय करत पाव घेऊन येतो, त्याच्या प्रत्येक पोंयला परसातून जबाब जातो. यावरून सोपी परीक्षा करता येते, पक्षी पाच-सहा महिन्यांचे झाले की लांबून शिट्टी मारा किंवा हॉर्न वाजवा आणि कुणाची मान पुढे ताणली जाते ते बघा. गप्प राहिलेले सगळे मादीच असं मात्र नाही, दुबळा नर मोठ्या नरासमोर दबून गप्प राहतो. पण ज्याने गडगड केली तो नर, यात शंका नको. जवळ उभं राहिलात तर अजून एक आवाज येतो, आधी फुस्स आणि मग छातीतून खोल घुमणारा धुम्म, तोही नराचाच, मिरवताना काढतो.

दाढीबद्दल सगळ्यांनी ऐकलेलं असतं. छातीच्या मधोमध काळ्या राठ केसांचा झुपका लोंबतो, घोड्याच्या शेपटीच्या केसांसारखा हाताला लागतो, खरं म्हणजे ते केस नसून बदललेली पिसंच आहेत, आणि बाकी पिसं झडतात तशी ती झडत नाहीत, वाढतच राहतात. नराची म्हणून ही खूण प्रसिद्ध आहे, तरी मी हिला खालचा नंबर देते. एक म्हणजे ती उशिरा येते, पाच-सहा महिन्यांपर्यंत छातीच्या पिसांतून बाहेरच दिसत नाही. दुसरं म्हणजे काही माद्यांनाही दाढी येते, जंगली टर्कींत दहातल्या एखादीला तरी असते, पातळ आणि आखूड असते पण असते. त्यामुळे दाढी नाही म्हणजे मादी असंही नाही आणि दाढी आहे म्हणजे नर असंही नाही.

पायाचा काटा याहून बरा. कोंबड्याला असतो तसाच, पायाच्या मागच्या बाजूला. कोवळ्या नराला नुसती गुंडी असते, दोन वर्षांच्या पुढे तो इंचभर होतो, टोकदार, किंचित वर वळलेला. मादीचा पाय तिथे सहसा गुळगुळीत असतो. त्यामुळे काट्यावरून लिंगही कळतं आणि वयाचा अंदाजही येतो. पाय हातात घेतलाच आहे तर त्याची जाडीही बघा, नराची नळी जाड, पंजा मोठा.

छातीच्या पिसांची खूण काळ्या आणि कांस्य रंगाच्या पक्ष्यांसाठी आहे. ब्रॉन्झ जातीत मादीच्या छातीच्या काळ्या पिसांना टोकाला पांढरी कड असते, नराच्या छातीला ती नसते, तिथे एकसारखा काळा, तांबूस चमक असलेला रंग. ही खूण १२ आठवड्यांपासून दिसायला लागते, म्हणजे दाढी-काट्याच्या कितीतरी आधी, म्हणून ती मोलाची आहे. पांढऱ्या टर्कीत अर्थातच उपयोग नाही. मिश्र रंगाच्या परसातल्या पक्ष्यांत कधी चालते कधी नाही.

विष्ठेवरूनही सांगतात, नराची लांबट आणि एका टोकाला वळलेली, मादीची गोळा झालेली. जंगलात माग काढणाऱ्यांना याचा उपयोग होतो. घरी ओलं खाद्य खाणाऱ्या पक्ष्यांत काही कळत नाही, सोडून द्या.

या खुणा एकमेकींशी भांडतात का, म्हणजे एक नर म्हणते आणि दुसरी मादी, याचंही कारण आहे. सोंड लांबणं, गाठी फुगणं, मिरवणं, ओरडणं हे नराच्या हार्मोनवर, टेस्टोस्टेरॉनवर चालतं. पिसांचा रंग मात्र कोंबडी-मोर-टर्की या कुळात उलट्या दिशेने ठरतो, मादीचं इस्ट्रोजेन असलं तर पिसं साधी राहतात आणि ते नसलं तर पिसं नरासारखी येतात. म्हणून एखाद्या म्हाताऱ्या किंवा अंडाशय निकामी झालेल्या कोंबडीला पुढच्या पिसं झडण्यानंतर कोंबड्यासारखी पिसं येतात, गावात लोक याला अपशकुन मानतात, बिचारीचा त्यात काही दोष नसतो. दोन वेगळ्या कारखान्यांतून आलेल्या खुणा आहेत या, म्हणून एकीवर विसंबू नका, दोन गटांतली एकेक तरी बघा.

आता पिल्लांकडे. अंड्यातून २८ दिवसांनी बाहेर आलेलं, पन्नासेक ग्रॅमचं ते पिल्लू हातात घेऊन कुणी छातीठोक सांगितलं की ही मादी, तर विचारा कसं कळलं. बघून कळत नाही. नर-मादी पिल्लं सारखीच दिसतात, सारखीच ओरडतात. पाय धरून उलटं टांगलं की मान वर काढतं तो नर वगैरे जे सांगतात त्याने काही कळत नाही.

हॅचरीत पिल्लांची गुदद्वाराची बाजू हळूच दाबून, उघडून, आतला बारीकसा उंचवटा बघून नर-मादी वेगळे करतात. ही पद्धत १९२० च्या दशकात जपानमध्ये कोंबडीच्या पिल्लांसाठी विकसित झाली, टर्कीतही चालते. पण ते काम पहिल्या दिवसात करायचं, आणि शिकलेल्या माणसाने करायचं. जो उंचवटा बघायचा तो टाचणीच्या डोक्याएवढा असतो आणि मादीतही थोडाफार असतो, कितीतरी पिल्लं हाताळल्यावर कुठे नजर बसते. घरी करू नका, हे मी मनापासून सांगते, जरा जास्त दाब पडला की आतडं दुखावतं आणि पिल्लू दोन दिवसांत मरतं.

अगदी खात्रीच हवी असेल तर डीएनए तपासणी आहे, महागडे पोपट पाळणारे करून घेतात तीच. रक्ताचा थेंब किंवा नुकतं उपटलेलं पीस प्रयोगशाळेत पाठवायचं. चार-सहा टर्कींसाठी एवढा खटाटोप कुणी करत नाही, पण ती तपासणी काय शोधते हे समजलं तर अंड्यांबद्दलचे बरेच गैरसमज आपोआप सुटतात.

माणसात मूल मुलगा की मुलगी हे बापाच्या पेशीवरून ठरतं, आईकडे दोन एक्स गुणसूत्रं आणि बापाकडे एक्स-वाय. पक्ष्यांत हे बरोबर उलटं. नराकडे दोन सारखी गुणसूत्रं, झेड-झेड, आणि मादीकडे झेड आणि डब्ल्यू अशी दोन वेगळी. म्हणजे पिल्लू नर होणार की मादी हे अंडं ठरवतं, आईने अंड्यात झेड दिला तर नर, डब्ल्यू दिला तर मादी. तपासणीत डब्ल्यू सापडला की मादी, एवढं सरळ. आणि हे आईच्या पोटात अंड्यावर कवच चढायच्या आधीच ठरून गेलेलं असतं. कवचाचा आकार, टोकदार की गोल, ते पुढे अंडनलिकेत बनतं, त्याचा आणि आतल्या लिंगाचा संबंध नाही. टोकदार अंडी वेगळी काढून खुडूक कोंबडीखाली ठेवणारी माणसं मला माहीत आहेत, त्यांना निम्मे नर निम्म्या माद्या मिळतात, बाकीच्यांना मिळतात तशाच.

ऊब कमी-जास्त देऊनही फरक पडत नाही. कासवात पडतो. मोरजी, आगोंद, गालजीबागच्या वाळूत ऑलिव्ह रिडले कासवं अंडी घालतात त्यांची पिल्लं वाळूच्या तापमानावर नर किंवा मादी होतात, वाळू गरम असली की माद्या जास्त. कासवाचं ऐकून कुणी इनक्युबेटरचं तापमान वाढवून माद्या काढायला गेलं तर पिल्लं मरतील फक्त.

टर्कीत याहून अजब एक गोष्ट आहे. १९५० च्या दशकात अमेरिकेत बेल्ट्सव्हिलच्या सरकारी संशोधन केंद्रात ओल्सेन नावाच्या शास्त्रज्ञाच्या लक्षात आलं, की नराचा संबंधच न आलेल्या टर्की माद्यांच्या काही अंड्यांत आपोआप गर्भ वाढायला लागतोय. बहुतेक गर्भ मध्येच मेले पण काही पिल्लं खरोखर बाहेर आली आणि मोठीही झाली. आणि ती सगळीच्या सगळी नर होती. वर सांगितलेलं गणित लावून बघा, अंड्यात आईचं लिंग ठरवणारं एकच गुणसूत्र असतं, ते स्वतःचीच जोडी करतं, झेडची जोडी झाली तर झेड-झेड म्हणजे नर, डब्ल्यूची जोडी झाली तर डब्ल्यू-डब्ल्यू, ते जगूच शकत नाही. म्हणून बापाशिवाय झालेली टर्की नेहमी नर. पहिल्यांदा हे समजलं तेव्हा मी कितीतरी वेळ याचाच विचार करत होते. आपल्या परसात असं काही होईल याची वाट बघू नका, नराशिवाय घातलेली अंडी खायचीच.

मग घरी पिल्लं आणल्यावर करायचं काय? पहिले दोन महिने काहीच ठरवू नका. फक्त प्रत्येकाच्या पायात वेगळ्या रंगाची सैल रिंग घाला, वाढत्या पायाला घट्ट होणार नाही ना हे दर आठवड्याला बघा, आणि दर पंधरवड्याला वजन करून वहीत लिहा. नर भराभर वाढतात. एकाच दिवशी निघालेल्या, एकच खाद्य खाणाऱ्या पिल्लांत तीन महिन्यांच्या आसपास दोन गट पडायला लागतात, उंच, जाड पायांचे एकीकडे आणि बारीक बांध्याचे दुसरीकडे. २० आठवड्यांना नर ७-८ किलोचा आणि मादी साडेचार-पाच किलोची असा साधारण फरक असतो. वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या ठिकाणांहून आणलेल्या पिल्लांची अशी तुलना करू नका, तिथे वजन फसवतं. तीन महिने झाले की वजनाबरोबर मानेवरची लव, छातीची पिसं, सोंड बघा, चार-साडेचार महिन्यांत बहुतेकांचा निकाल लागलेला असतो.

किती पिल्लं घ्यायची हेही याच्याशीच जोडलेलं आहे. न निवडलेल्या पिल्लांत निम्मे-निम्मे असा हिशोब धरला, तर तीन पिल्लं घेतलीत तर ती तिन्ही एकाच लिंगाची निघायची शक्यता चारात एक आहे, बरीच आहे ही. सहा घेतलीत तर बत्तीसात एक. ज्यांना पुढे अंडी उबवून घरचीच पिल्लं काढायची आहेत त्यांनी सहाच्या खाली जाऊ नये असं माझं मत.

आणि अशा लोकांची खरी अडचण डिसेंबरात येते. नाताळाला गिऱ्हाईक वजन बघतं, वजन नरांचं, मग एकेक करत सगळे नर जातात आणि जानेवारीत परसात नुसत्या माद्या उरतात. त्या साधारण ३० आठवड्यांच्या झाल्या की अंडी घालायला लागतील, पण उबवायला ठेवण्यात अर्थ नाही. एका नरामागे पाच माद्या पुरतात, म्हणून एक तरी नर आधीच बाजूला काढा, शक्य असलं तर दोन, पण वेगळे कोंडून, कारण मोठे झाले की ते एकमेकांची सोंड चोचीत धरून ओढतात आणि रक्त काढतात. ऑगस्टच्या पिल्लांना तोपर्यंत दाढी नसते, काटा नसतो, ओरडणंही कच्चंच असतं, त्यामुळे निवड करायची ती मान, छाती आणि पायावरच. ठेवायचा नर सगळ्यात वजनदार नको. फार जड नर मादीवर चढला की तिच्या पाठीची कातडी पंजाने फाटते, आणि रुंद छातीच्या जातींत तर जड नरांना नैसर्गिक मिलन जमतच नाही, मोठ्या फार्मवर कृत्रिम रेतन करावं लागतं ते त्यामुळेच. मधल्या वजनाचा, सरळ पायांचा, न लंगडता चालणारा, पावसाळ्यात एकदाही हगवण न लागलेला असा बघा आणि नाताळाचं गिऱ्हाईक दारात यायच्या आधी त्याला मागच्या बाजूला नेऊन बांधा.